आधी कोण: बर्न्स-ॲलन की शॉ-ली?

अमेरिकन व्हॉडव्हिलचा (गाणी, नाच, विनोद अशा मिसळीच्या रंगमंचीय कार्यक्रमांचा) विनोद सुरुवातीच्या बोलपटांत कसा उतरला हे बघायचंय, पण वेळ थोडा आहे? मग निवड दोन लघुपटांत करा: अल शॉ आणि सॅम ली यांचा ‘द बो ब्रमेल्स’ (१९२८) किंवा जॉर्ज बर्न्स आणि ग्रेसी ॲलन यांचा ‘लॅम्बचॉप्स’ (१९२९). दोन्ही व्हिटाफोनचे, म्हणजे चित्रासोबत तबकडी वाजवून आवाज देण्याच्या पद्धतीचे, एकेका रिळाचे. आवाज १६ इंची तबकडीवर. तिची एक बाजू संपली की खेळ खल्लास.

अडचणही दोघांची एकच. रंगमंचावरचा नट हशा ओसरेपर्यंत थांबतो. स्टुडिओत हसणार कोण? कुणी खुदकन हसलंच, तर तेही तबकडीवर उमटायचं.

बर्न्स-ॲलन या अडचणीचीच गंमत करतात. दिवाणखान्यात शिरल्यावर दोघं काहीतरी शोधू लागतात. काय शोधताय, तर प्रेक्षक! अखेर जॉर्जला कॅमेरा दिसतो नि गाडी रुळावर येते. पुढे सगळी कमाल ग्रेसीची. एवढीशी तू, दोन मोठे लॅम्बचॉप (कोकराच्या मांसाचे तुकडे) एकटी खाशील? छे, नुसते कसे खाणार, सोबत बटाटे हवेत! ‘एकटी’ हा शब्द ती स्वतःला नाही, चॉपला लावते. तिला मूर्ख म्हणावं तर तिचं तर्कशास्त्र बिनचूक. जॉर्ज फक्त प्रश्न पुरवतो, आणि ते दिसतं तितकं सोपं नाही.

शॉ-ली याच्या अगदी उलटे. डोक्यावर टोप्या, चेहरे मख्ख, दोघं खांबासारखे शेजारीशेजारी उभे. विनोद इतके शिळे की आंबलेत, आणि ते सांगायचे तेही पंचांगातले तिथी-वार वाचल्यासारखे. दाद मिळावी असं त्यांना वाटतच नाही, त्यामुळे समोरची शांतता त्यांच्या पथ्यावर पडते. पहिली दोन मिनिटं मी कपाळाला आठ्या घालून पाहिली. मग मात्र हसू आवरेना.

‘द म्युझिक बॉक्स’ (१९३२) यात का नाही, असं कुणी विचारेल. लॉरेल-हार्डी जिन्यावरून पियानो चढवतात तो हा ऑस्करविजेता लघुपट झकास आहे, पण तो मुळात सिनेमाच. रंगमंचावरचा ‘ॲक्ट’ उचलून कॅमेऱ्यासमोर ठेवलाय, असं त्यात नाही.

इंग्रजी कानावर सहज पडत असेल तर ‘लॅम्बचॉप्स’ आधी लावा. शब्द निसटला की तिथे विनोदही निसटतो. घरात चारजण सोबत बसणार असतील तरीही तोच. शॉ-लींना रात्री, एकट्यानं बघा.