उज्जैनची वेधशाळा: माझ्या काळबुरुजांना इथे पाया मिळाला

गेली चार वर्षं आम्ही सहा जण शनिवारी रात्री एक काल्पनिक जग खेळतो आणि तो खेळ मी चालवते. त्या जगात सात प्राचीन बुरूज आहेत. बुरूज उभा आहे तोवर खोऱ्यात दिवस नीट उगवतो, तो ढासळला की तिथला काळ भरकटतो. पण दगडी बुरूज काळ सांभाळतो म्हणजे नक्की काय करतो? खेळाडूंनी हे विचारलं की माझ्याकडे उत्तर नसायचं. ते मला शिप्रेकाठी, उज्जैनच्या जुन्या वेधशाळेत मिळालं.

पहिली भेट वाया गेली. ज्या यात्रा कंपनीबरोबर आम्ही गेलो होतो तिने महाकालाच्या दर्शनानंतर इथे जेमतेम वीस मिनिटं ठेवली होती, तीही संध्याकाळी पाचनंतर. उन्हं उतरलेली, सगळे फोटो काढून गाडीत. मला फार वाईट वाटलं. दुसऱ्या दिवशी बाकीचे खरेदीला गेले आणि मी रिक्षा करून अकरा वाजता एकटी परत आले.

जयपूरच्या सवाई जयसिंहाने 18व्या शतकाच्या पूर्वार्धात पाच वेधशाळा बांधल्या, त्यांतली ही एक. जयपूरचं सम्राट यंत्र, म्हणजे सावलीवरून वेळ सांगणारं दगडी घड्याळ, सुमारे 27 मीटर उंच, त्यापुढे इथलं अगदीच लहान आहे. भव्यता हवी असेल तर जयपूरलाच जा. पण मला इथलं लहानपणच उपयोगी पडलं, कारण अख्खं यंत्र एका नजरेत मावतं आणि कोणता भाग काय करतो ते आपलं आपल्याला कळत जातं. मोडकळीला आलेली ही जागा ग्वाल्हेरच्या माधवराव शिंद्यांनी 1923 साली दुरुस्त करून घेतली. त्या कामामागे गोविंद सदाशिव आपटे हे आपले मराठी ज्योतिर्विद होते, हे वाचून मला भरून आलं.

सम्राट यंत्र म्हणजे एक तिरपी भिंत, तिच्यावर चढत जाणाऱ्या पायऱ्या, आणि दोन बाजूंना पूर्व-पश्चिम पसरलेल्या दोन कमानी. सकाळी भिंतीची सावली पश्चिमेच्या कमानीच्या वरच्या टोकाला असते, ती खाली उतरत माध्यान्हीला पायथ्याशी येते आणि मग पूर्वेच्या कमानीवर चढू लागते. कमानीवर तास, मिनिटं आणि मिनिटाचे तीन भाग, म्हणजे वीस-वीस सेकंदांच्या खुणा आहेत. सावलीची कड मात्र धूसर दिसते. सूर्य ठिपका नाही, अर्ध्या अंशाची तबकडी आहे, त्यामुळे ती धूसर पट्टी जवळजवळ दोन मिनिटांएवढी रुंद असते आणि वेळ वाचायची ती तिच्या मधोमध. हे जमायला मला बराच वेळ लागला.

फेब्रुवारीचा दुसरा आठवडा होता. सावलीने बारा दाखवले तेव्हा माझ्या घड्याळात 12:41 झाले होते. यंत्र चुकलेलं नव्हतं. आपलं घड्याळ 82.5 रेखांशाची वेळ सांगतं आणि उज्जैन आहे पावणेशहात्तरच्या जवळ, त्यामुळे सत्तावीस मिनिटांचा फरक पडतो, एका घटकेहून थोडा जास्त. उरलेली चौदा मिनिटं सूर्याच्या वर्षभराच्या मागेपुढे होण्याची. नोव्हेंबरच्या सुरुवातीला गेलात तर हाच एकूण फरक दहा-अकरा मिनिटांवर येईल. आपल्या जुन्या गणितज्ञांचा शून्य रेखांश याच गावावरून जायचा, आणि त्या गावाची वेळ आज आपल्या मनगटावर कुठेच नसते. मी कितीतरी वेळ त्या कमानीपाशी उभी होते.

आणि तिथेच माझा बुरूज उलगडला. त्या भिंतीचा तिरपेपणा उज्जैनच्या अक्षांशाएवढा आहे, 23 अंशांहून किंचित जास्त. म्हणून तिची धार ध्रुवाकडे रोखलेली असते. हीच भिंत दगड न् दगड उचलून जयपूरला, 27 अंशांवर नेऊन उभी केली, तर ती चुकीची वेळ सांगेल. तिची वेळ त्या जमिनीशी बांधलेली आहे. माझ्या जगात आता एका राजाने शेजारच्या खोऱ्यातला बुरूज चोरून आपल्या राजधानीत जोडलाय, आणि तिथला काळ थोडा खोटा पडतो.

नाडीवलय यंत्रही सोडू नका. विषुववृत्ताला समांतर धरलेल्या वर्तुळाला उत्तरेकडे एक तोंड, दक्षिणेकडे एक. सूर्य सहा महिने एका तोंडावर, सहा महिने दुसऱ्यावर. मी गेले तेव्हा दक्षिणेचं उजळलेलं होतं. बुरुजाची दोन दारं, एक उन्हाळ्याचं आणि एक हिवाळ्याचं, ही कल्पना मी सरळ तिथूनच घेतली. सूर्याची माध्यान्हीची उंची मोजणारं भित्ती यंत्र आणि आकाशातल्या गोष्टींची दिशा मोजणारं दिगंश यंत्र पाहिली, पण ती समजावून सांगणारं कुणीतरी सोबत हवं.

जाणार असाल तर ऊन असलेला दिवस निवडा, साडेअकराच्या आत पोचा आणि निदान दोन तास हाताशी ठेवा. डोक्याला टोपी हवीच, माध्यान्हीची वाट उन्हातच पाहावी लागते. पावसाळ्यात जाऊ नका, सावलीच नसेल तर इथे नुसते दगड दिसतात.

मला मात्र 21 जूनला परत जायचंय. उज्जैन कर्कवृत्ताला खेटून आहे, त्यामुळे त्या दिवशी भर माध्यान्हीला शंकू यंत्राच्या उभ्या काठीची सावली जवळजवळ नाहीशी होते. पावसाचे ढग आडवे येण्याची भीती आहेच, तरी मी जाणार आहे. माझ्या सातव्या बुरुजाचं दार त्याच क्षणी उघडतं, आणि खेळाडू तिथे पोचायच्या आत तो क्षण मला स्वतःच्या डोळ्यांनी पाहायचाय.