'द लेडीकिलर्स'ची ब्लू-रे: आठ महिने आणि सहा वेळा

'द लेडीकिलर्स' या जुन्या ब्रिटिश विनोदी चित्रपटाची डिस्क मागवली होती नट अ‍ॅलेक गिनेससाठी. आठ महिन्यांत सहा वेळा बघितली आणि आता गिनेस मागेच पडलाय. डोळे शोधतात ते त्यातल्या म्हाताऱ्या केटी जॉन्सनबाईंना.

आधी तक्रार. भाच्याने लंडनहून आणलेली साधी ब्लू-रे रीजन बी निघाली, आपल्याकडचा प्लेअर रीजन सी, आणि एका विभागाची डिस्क दुसऱ्या विभागाच्या प्लेअरवर चालत नाही. महिनाभर ती कपाटात पडून होती, मग सगळे रीजन चालवणारा प्लेअर घ्यावा लागला. फोर-के प्लेअर असेल तर सरळ यूएचडी डिस्क घ्या, तिला ही भानगड नाही. चित्र मात्र झकास. टेक्निकलरचे रंग, किंग्ज क्रॉसच्या आगगाड्यांचा धूर आणि त्या काजळीत बाईंचे फिक्या रंगाचे कपडे.

बाई १८७८ च्या. आधी नाटकं, आणि पडद्यावर आल्या तेव्हा पन्नाशी उलटलेली. पुढची वीसेक वर्षं बारीकसारीक म्हाताऱ्या. बीबीसीच्या १९५३ च्या 'द क्वाटरमास एक्सपेरिमेंट' मालिकेतही अशीच एक, मिस वाइल्ड. सहापैकी दोनच भाग शिल्लक आहेत, तेवढ्यात बघून घ्यायचं.

१९५५ मध्ये 'द लेडीकिलर्स'चा दिग्दर्शक मॅकेंड्रिकने त्यांना मिसेस विल्बरफोर्स केलं. वादक असल्याची बतावणी करून पाच दरोडेखोर त्यांच्या घरी जमतात. चेलोच्या पेटीचा पट्टा दारात अडकतो, पेटी उघडते, नोटा बाहेर. बाई किंचाळत नाहीत. तेवढ्यात मैत्रिणी चहाला येतात आणि पाची गुंड म्हाताऱ्यांच्या घोळक्यात कप-बशी धरून उभे! आधी मी या प्रसंगात त्या पाचांतल्या पीटर सेलर्सलाच बघत होते. माझ्या आईचं इंग्रजी बेताचं, पण तिने नेमकं पकडलं: "आवाज चढवत नाही बघ ती, म्हणून ऐकतात मेले."

या भूमिकेला सर्वोत्कृष्ट ब्रिटिश अभिनेत्रीचा बाफ्टा पुरस्कार मिळाला तेव्हा बाई ७७ वर्षांच्या. १९५७ मध्ये गेल्या.

सबटायटल्स इंग्रजीच, त्यामुळे घरातल्या मोठ्यांसाठी मधेमधे थांबवून सांगावं लागतं. पाचपैकी साडेचार, अर्धा रीजनपायी कापला.

आता त्यांच्या छत्रीवर लक्ष ठेवून बघतेय. पोलीस ठाण्यात ती पहिल्यांदा विसरतात तो विसराळूपणा. शेवटी पुन्हा राहते, तेव्हा मात्र मला खात्री नाही.