डब्यातल्या चिकनचे तळलेले मोमो: उन्हाळा-पावसाळा वापरून झाल्यावर

शिजवलेल्या चिकनच्या टिनच्या डब्यावर पुढे ठळक अक्षरात १८५ ग्रॅम छापलेलं असतं आणि आपण तेवढं चिकन समजून पैसे देतो. डबा फिरवून मागे बारीक अक्षरात बघा: द्रव वगळून १३० ग्रॅम. म्हणजे ५५ ग्रॅम खारं पाणी. मी घेते तो डबा २५० रुपयांचा, त्यातले जवळपास ७४ रुपये पाण्याचे! पाण्यात बुडवलेल्या मालावर हे दुसरं वजन छापणं कायद्यानं बंधनकारक आहे, म्हणून निदान कळतं तरी. फळीवर दोन कंपन्यांचे डबे शेजारी असले तर किमतीला भाग या दुसऱ्या आकड्यानंच द्यायचा. गोकुळपेठेतल्या दुकानात मी मोबाइल काढून हा हिशेब करते, मागे रांग असली तरी.

तरीही उन्हाळाभर हेच वापरलं, कारण नवतपात, म्हणजे मेअखेरच्या सगळ्यात तापत्या नऊ दिवसांत, नागपुरात पारा ४५ च्या वर जातो आणि बाजारातून आणलेला कच्चा खिमा घरी पोचेपर्यंत कोमट झालेला असतो. त्यात पोट्ट्यांना सुट्या, संध्याकाळ झाली की मोमो पाहिजेत. डबा फळीवर तयार असतो. शिवाय यातलं मांस डबा बंद केल्यावर १२० अंशांच्या आसपास तापवलेलं असतं, म्हणजे पूर्ण शिजलेलं. तळताना याचा मोठा फायदा होतो. कच्च्या खिम्याचे मोमो आधी वाफवावे लागतात, मग तळायचे. थेट कढईत सोडले तर वरून लाल आणि आत कच्चे राहायची धास्ती. इथे फक्त पारी शिजायची असते. मध्यम आचेवर थेट तेलात, बदामी झाले की बाहेर. मे महिन्यात ओट्यासमोरची पंधरा मिनिटं वाचणं काय असतं, ते इथल्या बायकांना सांगायला नको.

पण शिजलेलं आहे म्हणूनच ते एकमेकांना धरत नाही. कच्चा खिमा मीठ लावून मळला की चिकट होतो, आपोआप बांधला जातो. डब्यातल्या चिकनचे तंतू सुटेच राहतात, चावा घेतला की सारण ताटलीत. आणि पुन्हा ते पाणी! सारणात ओल राहिली की गरम तेलात तिची वाफ होते, पारी फुटते, तेल हातावर उडतं. म्हणून या पदार्थात मसाल्यापेक्षा पिळण्याला जास्त महत्त्व आहे.

चिकन चाळणीत निथळत ठेवा, तंतू बोटांनी मोकळे करा, मग मलमलच्या फडक्यात घेऊन पीळ द्या. आधी गढूळ पाण्याची धार लागते, मग थेंब, आणि शेवटी बोटांना तुपकट लागायला लागतं. तिथेच थांबा. त्यापुढे पिळलं तर भुसा होतो. यात एक उकडलेला आलू किसून घाला आणि चमचाभर फुटाणा डाळीचं पीठ. उरलीसुरली ओल ते पिऊन घेतं. पत्ताकोबीही मीठ लावून, पिळूनच. आलं-लसूण, हिरवी मिरची, सांबार (कोथिंबीर) काड्यांसकट बारीक चिरून. वरून मीठ अजिबात नको.

पिळून निघालेलं पाणी मी फेकत नाही. त्यातच मैदा घट्ट भिजवते, पिठात वेगळं मीठ घालत नाही, आणि ओल्या फडक्याखाली अर्धा तास ठेवते. पारीला चव येते आणि ७४ रुपयांतले काही वसूल होतात. गोंदिया जिल्ह्यातल्या गोठणगावला १९७२ पासून तिबेटी वसाहत आहे, आणि थंडीत आपल्याकडे तिबेटी लोकांचा स्वेटरचा बाजार लागतो. तिथल्या एका बाईनं मला पारीचं सांगितलं होतं: "दीदी, बीच में मोटा, किनारा पतला." तळायच्या मोमोला हे फारच लागू पडतं. दुमडलेली कड जाड राहिली की ती आतून कच्ची लागते.

मध्यंतरी पाण्याबद्दलचं मत थोडं निवळलं. ताजं बोनलेस चिकन शिजवून वजन केलं तर पाव हिस्सा घट आली. म्हणजे १३० ग्रॅम शिजलेलं म्हणजे कच्चं पावणेदोनशे ग्रॅम धरायला हवं. एवढा न्याय डब्याला द्यायलाच पाहिजे. तरी ताजं स्वस्तच पडतं, त्यामुळे थंडीत आमच्याकडे खिमाच येतो. लंचन मीट, म्हणजे डब्यात दाबून भरलेलं वाटलेलं मांस, तेही आणून पाहिलं. त्यात सुटं पाणी नाही, तुकडे सुटत नाहीत, तळायला सोपं. पण घटक वाचा, बहुधा स्टार्च असतो. तिथे पाण्याऐवजी पिठाला मांसाचा भाव.

ऑनलाइन मागवत असाल तर एक सांगते. मला आलेला एक डबा शिवणीवरच, म्हणजे पत्रा जोडलेल्या कडेवरच, चेपलेला होता. फोनवर उत्तर मिळालं, "मॅडम, आतला माल चांगला आहे, वापरून बघा." वापरून काय बघायचं? शिवणीला चीर गेली असेल तर आत जंतू वाढतात, आणि बोट्युलिझमच्या (डबाबंद अन्नातून होणाऱ्या जीवघेण्या विषबाधेच्या) विषाला वास किंवा चव येईलच असं नाही. फोटो पाठवले, रोज पाठपुरावा केला, तेव्हा पैसे परत आले. घरी लहान मुलं खातात, या बाबतीत मी तडजोड करणार नाही. फुगलेला डबा तर उघडूसुद्धा नका. तेव्हापासून डबा दुकानातूनच, हातात फिरवून, शिवणीवर अंगठा घासून घेते.

उघडलेला डबा तसाच फ्रिजमध्ये ठेवू नका. उरलेलं चिकन स्टीलच्या डब्यात काढा, तीन-चार दिवसांत संपवा. सोबत भिवापुरी मिरची, लसूण आणि टमाटर उकडून वाटलेली चटणी करा. चटणीत मीठ कमी घाला, सारण आधीच खारं आहे. आणि कोणाला नागपुरात तेवढ्याच किमतीत द्रव वगळून १५० ग्रॅम भरणारा डबा मिळत असेल, तर दुकान नक्की सांगा.