सयमणी: पावसाळ्यापासून आत्तापर्यंत गेममध्ये वापरून झाल्यावरचा अनुभव

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी आधी सांगतो, सयमणी हे खरं खनिज नाही, आमच्या टेबलटॉप रोल-प्लेइंग गेमच्या, म्हणजे टेबलाभोवती बसून एकेक पात्र घेऊन गोष्ट खेळायच्या खेळाच्या, जगातलं आहे. नाशिकला गंगापूर रोडवर मित्राच्या फ्लॅटवर शनिवारी रात्री बसतो आम्ही, डीएम, म्हणजे खेळ चालवणारा, मी; जग माझं आणि पात्रं बाकीच्यांची. जादूचे दगड तसे प्रत्येक कॅम्पेनमध्ये, म्हणजे आठवडोन्‌आठवडे चालणाऱ्या गोष्टीत, असतातच, तलवारीला लावला की फाशावर प्लस दोन, गळ्यात घातला की आग लागत नाही, आणि थोड्या दिवसांनी कुणाच्या झोळीत कुठला दगड पडलाय हेही कुणाला आठवत नाही. सयमणी पावसाळ्यात आणला तो अजून चालतोय, आणि इतका वापरल्यावर माझं ठाम मत झालंय की तो त्याच्या ताकदीपेक्षा त्याच्या अडचणींवर चालतोय.

नियम असा. कोरडा सयमणी निकामी. तो पाण्यात बुडवायचा, आणि पाणी पीत असताना आसपास जे काही बोललं जाईल ते पाण्यासोबत आत जातं. मग कधीही विस्तवावर धरला की वाफेबरोबर तो आवाज बाहेर येतो, पण एकदाच. पुन्हा भरता येतो, फक्त दर वेळी थोडा पांढरा पडत जातो. तापवताना वीस बाजूंचा फासा टाकायचा, पहिल्या खेपेला १ पडला तर दगडाचा भुगा, दुसऱ्या खेपेला १ किंवा २, असं वाढत जायचं.

हे मी हवेतून काढलेलं नाही, आपल्याच पायाखालून उचललंय. नाशिकचा काळा दगड म्हणजे साधारण ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा, त्यात वायूचे बुडबुडे अडकून पोकळ्या राहिल्या आणि पुढे त्यातून गरम पाणी फिरत राहिलं म्हणून आत स्फटिक धरले. खाणीत सुरुंग लागला किंवा विहीर खणताना दगड फुटला की अशी एखादी पोकळी उघडी पडते. सिन्नरला माळेगाव एमआयडीसीत गारगोटी म्युझियम आहे ना, तिथे एकदा जाऊन या, मोठमोठे नमुने बघून माणूस बोलायचा थांबतो. त्यातलं स्टिलबाइट, पीच रंगाचं, मध्ये बांधलेल्या पेंढीसारखं दिसणारं, ते माझ्या सयमणीचं मूळ. स्टिलबाइट झिओलाइट गटातलं, त्याच्या रचनेतच बारीक बारीक वाटा असतात आणि त्यात पाणी बसलेलं असतं, वजनाच्या सहाव्या हिश्श्याहून थोडं जास्तच. कॅम्पेन सुरू करायच्या आधी मी सगळ्यांसमोर एक कपचा टेस्ट ट्यूबमध्ये टाकून स्पिरिटच्या दिव्यावर धरला. आधी काहीच नाही, मग कपचा फुगायला लागला, पापुद्रे सुटले, रंग उडून खडूसारखा पांढरा झाला, आणि ट्यूबच्या वरच्या थंड भागात आतून दव धरलं, एक थेंब घरंगळत खाली आला. दिसायला ठणठणीत कोरडा दगड आणि त्यातून पाणी! त्या दिवसापासून सयमणी काय चीज आहे हे कुणाला समजवावं लागलं नाही.

पोकळीची गोष्ट तर मला सगळ्यात जास्त उपयोगी पडली. सोन्याची शीर असते, ती धरून खोदत जाता येतं, राजा त्यावर पहारा बसवू शकतो. पोकळी कुठे लागेल ते कुणालाच सांगता येत नाही. त्यामुळे आमच्या जगात सयमणीची खाण कुणाच्या मालकीची नाही, तो सापडतो विहिरी खणणाऱ्यांना, आणि बघता बघता विहीर खणणाऱ्यांची जमात सरदारांपेक्षा वजनदार होऊन बसली. हे मी ठरवलेलं नव्हतं, खेळणाऱ्यांनी तिथे नेलं.

आता ज्या सेशनसाठी हे सगळं लिहायला बसलो ते सांगतो. एका कुंभाराचा खून झालेला, त्याच्या रांजणात तळाला भरलेला सयमणी सापडतो, गावपंचायत बसलेली, दगड आधीच दुधाळ झालेला, म्हणजे फुटायची शक्यता बरीच. माझी आतेबहीण विहीरवाल्याची मुलगी खेळते, दिवा तिच्याच हातात. फासा पडला, दगड वाचला. मी कुंभाराच्या आवाजात बोलायला लागलो, "रात्री दोघं आले होते, एकाला मी ओळखतो, तो विहीरवाल्यांचा..." आणि ती म्हणाली, "थांब. दिवा विझवते मी."

"अगं पण अर्धंच ऐकलंय आपण!"

"मला तेवढंच ऐकायचंय."

तिच्या पात्राला भाऊ आहे. उरलेला आवाज दगडात की वाफेत गेला यावर रात्री उशिरापर्यंत वाद चालला, शेवटी मी निर्णय दिला की गेला तो गेला. खून कुणी केला हे अजून टेबलावर कुणाला माहीत नाही, आणि मीही सांगणार नाही.

त्रासही आहेत. कुठल्या दगडात काय भरलंय याची नोंद ठेवावीच लागते, आम्ही प्रत्येक दगडाला एक कार्ड केलंय आणि ते उलटं ठेवतो. दगड भिजत असला की टेबलावरचं सगळंच बोलणं आत जातं, म्हणून लोक खुणा करायला लागतात आणि वेळ फार जातो. लढाईत तर शून्य उपयोग, ज्याला मारामारी आवडते असा आमचा एक जण बरेच आठवडे कंटाळला होता, तो आता दगड पळवणाऱ्या टोळीच्या मागावर आहे.

एक भर मध्येच घातली, ती फार छान चालली. नाशिकच्या पोकळ्यांत पॉवेलाइट नावाचं दुर्मिळ खनिज मिळतं, शॉर्टवेव्ह अल्ट्राव्हायोलेट दिव्याखाली ते पिवळं चमकतं. खऱ्या जगात त्याचा स्टिलबाइटशी संबंध इतकाच की दोघं अशाच दगडात सापडतात, पण मी ते उचललं: काजव्यांच्या कंदिलाखाली भरलेला सयमणी पिवळा दिसतो, रिकामा दिसत नाही. त्यामुळे दगड भरलाय हे कळतं, आत काय आहे ते कळत नाही. ब्लॅकमेलची सगळी प्रकरणं या एका नियमातून निघाली.

तुमच्या गेममध्ये घ्यायचा असेल तर सुरुवातीला अख्ख्या जगात दोनच दगड ठेवा, आणि त्यातला एक आधीच कुणीतरी भरून ठेवलेला असू द्या. नियम बिनधास्त बदला, पण एकदाच ऐकू येणार हा मात्र ठेवा, खेळणारे कितीही मागे लागले तरी.