रंकाळ्याची फेरी की क्यू-१० च्या गोळ्या?

जिना चढला की मांड्या भरून येतात, म्हणून मेडिकलमधून को-एन्झाइम क्यू-१० ची डबी आणणारे आपल्या कोल्हापुरातही भेटतात. पेशीतल्या मायटोकॉन्ड्रिया अन्न आणि ऑक्सिजनपासून एटीपी, म्हणजे शरीराला वापरता येणारी ऊर्जा, तयार करतात. त्या कामात क्यू-१० इलेक्ट्रॉन पुढे पोचवतं. पण ते शरीर स्वतःच बनवतं. जन्मजात दोषामुळे ते बनत नसेल तर गोळी खरोखर उपयोगी पडते. साध्या थकव्यासाठी मात्र भक्कम पुरावा नाही.

चालण्याचं तसं नाही. रंकाळ्याला भरभर फेरी मारा, बोलता येईल पण गाणं म्हणता येणार नाही इतक्या वेगात. मांडीच्या स्नायूंची ऊर्जेची मागणी वाढते, आणि हे नेमानं होत राहिलं की पेशी मायटोकॉन्ड्रिया वाढवतात. बसून राहिलं की त्या घटतात. मी तर चालण्याच्याच बाजूचा, उतारवयातसुद्धा.

पण पापण्या खाली येणं, ऐकू कमी येणं, आईच्या माहेरी मधुमेह असं एकत्र दिसलं, तर दोष मायटोकॉन्ड्रियातच असू शकतो; गोळ्या राहू देत, आधी न्यूरॉलॉजिस्टला गाठा. मायटोकॉन्ड्रियाच्या स्वतःच्या डीएनएमधली ३७ जनुकं आईकडूनच येतात. तिथला दोष शोधायला रक्ताची जनुकीय तपासणी लागते, कधी स्नायूचा बारीक तुकडाही तपासावा लागतो. व्यायाम किती करायचा, हेही मग डॉक्टरांनाच विचारा.