दहाच्या जागी तीस

मी यवतमाळ जिल्ह्यातील एका विविध कार्यकारी सेवा सहकारी संस्थेचा गटसचिव आहे. पावतीशिवाय एक रुपयाही खर्ची पडू न देणे हेच माझे आयुष्यभराचे काम असल्यामुळे, स्वतःच्या गाडीवर सात हजारांच्या आसपास रुपये विनापावती घालवले हे कबूल करताना मला संकोच वाटतो. तरीही लिहितो आहे, कारण माझ्यासारख्याच जुन्या गाड्या आमच्या भागात घरोघरी आहेत, आणि ज्या पद्धतीने मला फसवले गेले ती पद्धत पैशांपुरती थांबणारी नव्हती. तिच्यामुळे गाडी पेटली असती.

गाडी 2003 सालची मारुती 800 आहे. पंधरा वर्षे झाल्यावर 2018 मध्ये तिची नोंदणी पुन्हा करून घेतली आणि 2023 मध्ये पुन्हा एकदा, म्हणजे कागदोपत्री ती ठणठणीत आहे. पोळ्याच्या दोन दिवस आधी तालुक्याहून परतताना एका मोटरसायकलवाल्याने बाजूला येऊन ओरडून सांगितले, "काका, मांगचे लाइट बंद हायेत तुमचे." अमावास्या जवळ आलेली, रस्त्यावर दिवा नसलेल्या बंड्या आणि बैल, अशा वेळी मागून येणाऱ्याला आपण दिसत नाही ही जाणीव अस्वस्थ करणारी होती. घरी येऊन पाहिले तर पुढचे मोठे दिवे लागत होते आणि ब्रेक दाबल्यावर मागे लाल उजेड पडत होता. परंतु मागचे कायम लागणारे लाल दिवे, पुढचे पार्किंगचे दिवे, नंबर प्लेटवरचा दिवा आणि मीटरमागचा उजेड हे सगळे एकदम गेले होते. चार ठिकाणचे दिवे एकाच क्षणी बंद पडतात तेव्हा चारही ठिकाणचे बल्ब जळालेले नसतात, ते सगळे ज्या एका फ्यूजवर आहेत तो उडालेला असतो, एवढी साधी गोष्ट तेव्हा मला सुचली असती तर पुढचे काहीच घडले नसते.

बायपासवरच्या एका ऑटो इलेक्ट्रिकच्या दुकानात गाडी नेली. दुकानाचे आणि दुकानदाराचे नाव मी लिहिणार नाही. त्याने दोन मिनिटांत फ्यूज बदलून दीडशे रुपये घेतले. फ्यूज पाच-दहा रुपयांना मिळतो हे मला माहीत होते, पण मजुरी म्हणून मी काही बोललो नाही. दुसऱ्याच दिवशी खड्ड्यातून गाडी आदळली आणि दिवे पुन्हा गेले. पुन्हा तोच दुकानदार, पुन्हा फ्यूज, या वेळी दोनशे रुपये. तिसऱ्यांदा गेलो तेव्हा त्याने डॅशबोर्डखाली बराच वेळ डोके घातले आणि जळून काळा पडलेला वायरचा एक वीतभर तुकडा माझ्यासमोर धरला. "सेक्रेटरी साहेब, पुरी वायरिंग गेली जी तुमची. आता फ्यूज टाकून काही फायदा नाही. हे गाडीच बंद झाली, वायरिंग सहजासहजी भेटत नाही, मी नागपूरहून बोलावतो." 800 चे उत्पादन 2014 च्या जानेवारीत थांबले हे खरे असल्यामुळे बाकीचेही खरेच वाटले. खोटे बोलणारा माणूस सुरुवात खऱ्यापासून करतो. साडेसहा हजार ठरले, गाडी दोन दिवस त्याच्याकडे राहिली, आणि मी रोख पैसे मोजून ती घरी आणली. डॅशबोर्डखाली नव्या काळ्या टेपने गुंडाळलेला जाड, चकचकीत जुडगा त्याने टॉर्च लावून दाखवला. जुनी वायरिंग मागितली तेव्हा ती भंगारात गेली असे उत्तर मिळाले. बिलाचे पुस्तक संपले होते.

त्यानंतर दिवे एकदाही गेले नाहीत, आणि मला काम चोख झाल्याचा पुरावा तोच वाटला.

साधारण पंधरा दिवसांनी यवतमाळहून कर्जवसुलीची बैठक आटोपून रात्री परत येत होतो. सोबत सौभाग्यवती आणि मागच्या सीटवर झोपलेला नातू होता. प्लॅस्टिक जळाल्याचा वास आला तेव्हा एखाद्या धुऱ्यावर कोणी कचरा पेटवला असेल असे समजून मी काच वर केली. वास कमी होण्याऐवजी वाढला. मग स्टेअरिंगच्या कव्हरच्या फटीतून मीटरच्या उजेडात धुराची एक बारीक रेघ वर चढताना दिसली. दिव्यांचा स्विच हाताला चटका बसण्याइतका तापला होता. दिवे बंद केले, गाडी कडेला घेतली, किल्ली काढली, सर्वांना खाली उतरवले आणि दहा नंबरच्या पान्याने बॅटरीचे ऋण टर्मिनल सोडवले. या शेवटच्या कृतीमुळेच कदाचित गाडी वाचली असावी. भाच्याला फोन करून त्याचे वाहन येईपर्यंत आम्ही रस्त्याच्या कडेला अंधारात उभे होतो.

आमच्या गावात एसटीच्या आगारात इलेक्ट्रिशियन म्हणून नोकरी करून निवृत्त झालेले एक काका आहेत. त्यांच्याकडे आधीच का गेलो नाही, याला उत्तर एवढेच की गावातल्या ओळखीच्या माणसाला फुकट त्रास देणे बरे वाटत नाही आणि दुकानात पैसे टाकले की काम पक्के होते असा आपला समज असतो. दुसऱ्या दिवशी सकाळी ते आले, फ्यूजच्या पेटीचे झाकण काढून त्याच्या आतल्या बाजूचा नकाशा त्यांनी चष्मा वर करून वाचला, आणि चिमट्याने एक हिरवा फ्यूज उपटून माझ्या तळहातावर ठेवला.

"बापू, हे काय लिवलं हाये?"

त्यावर 30 लिहिले होते. झाकणावर त्याच जागेसमोर 10 लिहिले होते.

चपट्या पात्यांच्या फ्यूजचा रंग हाच त्याचा आकडा असतो, हे मला त्या दिवशी कळले. लाल दहा अँपिअरचा, निळा पंधराचा, पिवळा वीसचा, पारदर्शक पंचवीसचा आणि हिरवा तीसचा. त्याखाली तपकिरी साडेसातचा आणि फिकट तपकिरी पाचचा. काकांनी मग माझ्याच वहीवर हिशेब मांडला. मागचे दोन, पुढचे दोन आणि नंबर प्लेटचा एक असे पाच-पाच वॅटचे बल्ब, त्यात मीटरमधले छोटे दिवे धरून फार तर पस्तीस वॅट. बाराने भागले की जेमतेम तीन अँपिअर. म्हणजे दहाचा फ्यूज या दिव्यांसाठी तिपटीने मोठाच आहे, आणि तरी तो उडत असेल तर दिव्यांखेरीज दुसरीकडे कुठेतरी वीज वाहून जाते आहे. "फ्यूज मेला म्हंजे त्यानं आपलं काम केलं. तो कायले मेला हे पाहा लागते," एवढे बोलून ते कामाला लागले. मी मात्र फ्यूज बल्बच्या संरक्षणासाठी असतो असे आजवर समजत होतो. तो वायरसाठी असतो. दिव्यांकडे जाणारी बारीक वायर दहा अँपिअर सहज सोसते. तिच्यातून पंचवीस वाहू लागले तर तीसचा फ्यूज शाबूत राहतो आणि वायरच फ्यूजसारखी तापते. पूर्वी काचेच्या नळीचा फ्यूज असलेल्या ट्रॅक्टरांत लोक सिगारेटच्या पाकिटातला चांदीचा कागद गुंडाळून काम भागवायचे, त्यातलाच हा प्रकार, फक्त दुकानातून विकत घेतलेला.

काकांनी जुन्या इंडिकेटरचा एकवीस वॅटचा बल्ब होल्डरसकट आणला होता आणि त्याला दोन वायरी जोडल्या होत्या. त्यांनी त्या फ्यूजवरचे सगळे बाहेरचे बल्ब काढले, फ्यूजच्या रिकाम्या जागेतल्या दोन पात्यांना त्या दोन वायरी लावल्या, बॅटरी जोडली आणि दिव्यांचा अर्धवट जळालेला स्विच चालू केला. बल्ब मंद लागला. मीटरमधले बारके दिवे काढलेले नसल्यामुळे तेवढे अपेक्षित होते. मग ते मला बल्बकडे पाहायला बसवून गाडीच्या पुढून मागे सरकत वायरी एकेक हाताने हलवत गेले. डिकीच्या डाव्या अंगाला हात लागताच बल्ब लख्ख पेटला, हात काढला की मंद झाला, पुन्हा लावला की लख्ख. या खेळात एकही फ्यूज जळत नाही, कारण वायर पत्र्याला टेकली तरी सगळी वीज त्या बल्बमधूनच जाते. ही युक्ती मला इतकी आवडली की काका थांबा म्हणेपर्यंत मी बल्ब लावत-विझवत बसलो होतो.

डिकीतला पुठ्ठा बाजूला केल्यावर जागा दिसली. डाव्या दिव्याकडे जाणारी वायर पत्र्याच्या कडेवर घासून तिचे आवरण गव्हाच्या दाण्याएवढे निघाले होते, आत तांबे चमकत होते, आणि समोर पत्र्यावर काळा ठिपका पडला होता. दोष माझा होता. पेरणीच्या हंगामात पन्नास-पन्नास किलोचे खताचे कट्टे मी त्या डिकीत कोंबले होते आणि त्यांनी तो पुठ्ठा वायरीवर दाबला होता. वायर पत्र्याला पूर्ण चिकटली असती तर तीसचा फ्यूजही उडाला असता. ती खड्ड्यागणिक अर्धवट टेकत होती, म्हणून तीसचा फ्यूज टिकला आणि स्विच जळाला.

आता साडेसहा हजारांच्या वायरिंगचे. काकांनी डॅशबोर्डखालच्या चकचकीत जुडग्याची टेप ब्लेडने चिरली. आत कारखान्यातल्या जुन्या, धुळकट टेपसह मूळच्याच वायरी होत्या. हातभर पुढे गेल्यावर तर वरची टेपही संपली होती, कारण तिथपर्यंत कोणी टॉर्च लावून पाहात नाही. मला दाखवलेल्या जळक्या तुकड्याचा रंग त्यांनी विचारला. पांढऱ्यावर काळा पट्टा, असे मी सांगितले. दिव्यांच्या वाटेने त्या रंगाची वायर आमच्या गाडीत कुठेच नव्हती. तो तुकडा बहुधा त्याच्या खोक्यात कायमचा असतो.

जुन्या गाडीतले कुठलेही यंत्र बंद पडले तर दुकानात जाण्याआधी जे घरी करता येते, ते सांगतो. किल्ली आणि दिवे बंद करावेत, झाकणावरचा नकाशा पाहून त्या जागेचा फ्यूज सरळ ओढून काढावा, आणि उजेडाकडे धरून आतली तार अखंड आहे का ते पाहावे. डोळा कधी कधी फसतो, कारण तार केसाएवढी चिरलेली असते. त्यासाठी टेस्ट लॅम्प, म्हणजे दोन वायरी जोडलेला छोटा बल्ब, वापरावा. फ्यूजच्या डोक्यावर धातूचे दोन बारीक ठिपके उघडे असतात. फ्यूज जागेवर असताना, संबंधित स्विच चालू ठेवून, लॅम्पचे एक टोक गाडीच्या रंग नसलेल्या पत्र्याला आणि दुसरे आळीपाळीने त्या ठिपक्यांना लावावे. दोन्हीकडे दिवा लागला तर फ्यूज चांगला, एकीकडेच लागला तर उडालेला, आणि कुठेच लागला नाही तर वीज तिथवर पोचतच नाही. फ्यूजचे पाय हिरवट झालेले किंवा प्लॅस्टिक एका बाजूने वितळलेले दिसले तर तिथली पकड ढिली आहे असे समजावे. नवा फ्यूज त्याच आकड्याचा बसवावा. तो लगेच उडाला तर तिसरा बसवत राहण्यात अर्थ नाही. वायर कुठे घासली आहे, उंदराने कुठे कुरतडली आहे, हे शोधावे लागते. दुकानातच जायचे असेल तर दुकानदाराने बसवलेला फ्यूज कोणत्या आकड्याचा आहे हे तिथेच वाचावे आणि काढलेला जुना माल त्याच्यासमोर पिशवीत घालून घ्यावा. भंगारात गेला, हे उत्तर ऐकून घेऊ नये.

मी त्या दुकानात परत गेलो. हिरवा फ्यूज काउंटरवर ठेवल्यावर तो म्हणाला की तो आधीपासूनच असेल, आणि दोन माणसांसमोर पाचशे रुपये परत देऊ केले. मी ते घेतले नाहीत. ग्राहक संरक्षण अधिनियम 2019 प्रमाणे पैसे घेऊन केलेली दुरुस्तीही सेवा ठरते, तक्रारीचे कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत जिल्हा आयोगाकडे तक्रार करता येते, पाच लाखांपर्यंतच्या प्रकरणाला शुल्क पडत नाही, आणि 1915 या क्रमांकावर आधी फोनवरूनही तक्रार नोंदवता येते. हे सगळे मला दाखल्यांसह माहीत आहे. माझ्याकडे नाही ते बिल; मी मोबाइलवरून पैसे पाठवले असते तर निदान बँकेच्या नोंदीत त्याचे नाव आले असते. इतरांच्या व्हाउचरवर तांबड्या शाईने खुणा करणाऱ्या माणसाने त्या दिवशी साडेसहा हजारांच्या नोटा मोजून दिल्या, त्याही दोनदा मोजून.

वायर काकांनी जोडून तिच्यावर स्लीव्ह चढवली, पत्र्याच्या कडेला जुन्या ट्यूबचे रबर लावले आणि दहाचा लाल फ्यूज बसवला. तो अजून शाबूत आहे. मजुरी घ्यायला ते तयार नव्हते. शेवटी हरभऱ्याची डाळ त्यांच्या घरी पोचवली. जळालेल्या स्विचच्या जागी नवा मात्र अजून मिळालेला नाही. यवतमाळच्या दोन दुकानांत सांगून ठेवले आहे, आणि तोपर्यंत दिवस मावळायच्या आत गाडी वाड्यात लावतो.