‘तुम्ही फक्त लिहा’ पॅकेज: स्वप्रकाशक लेखकाने पुण्यात काय विकत घ्यावं, काय नाही

स्वतःचं पुस्तक स्वतःच काढायचं म्हणून पुण्यात चौकशी सुरू केली की ‘सगळं आमच्यावर सोडा, तुम्ही फक्त लिहा’ असं सांगणारे लगेच भेटतात. टायपिंगपासून प्रकाशन समारंभापर्यंत एकच दर, दोन-तीन हप्ते आणि शेवटी घरपोच पाचशे प्रती. हे परीक्षण या सेवेचं आहे, कुणा एका संस्थेचं नाही, कारण पॅकेजची घडण थोड्याफार फरकाने सगळीकडे सारखीच असते. मत आधीच सांगतो: छपाईचं काम बहुतेक ठिकाणी बरं होतं, पण लेखक म्हणून पुढे उभं राहण्याच्या दृष्टीने हा सौदा तोट्याचा आहे. एका पुस्तकाने हौस भागते. लेखनावर काही मिळकत व्हायची असेल तर तिसऱ्या-चौथ्या पुस्तकाचा वाचक पहिल्या पुस्तकापासून जमवावा लागतो. त्यासाठी आयएसबीएन (पुस्तकाचा आंतरराष्ट्रीय ओळख क्रमांक), खुल्या फायली (पुढे बदल करता येतील अशा मूळ फायली) आणि खरेदीदारांची यादी लेखकाच्या ताब्यात हवी. पॅकेज घेतलं की नेमक्या याच गोष्टी दुसऱ्याकडे राहतात.

आयएसबीएनपासून सुरुवात करू. पॅकेजच्या पत्रकात ‘आयएसबीएनसह’ असं ठळक छापलेलं असतं, जणू ती मोठी देणगी आहे. भारतात हा क्रमांक मोफत मिळतो. दिल्लीची राजा राममोहन रॉय राष्ट्रीय आयएसबीएन संस्था तो ऑनलाइन अर्जावर देते आणि स्वतः प्रकाशक असलेल्या लेखकालाही देते. पॅकेजवाल्याने स्वतःच्या खात्यातून क्रमांक दिला तर नोंदीत प्रकाशक म्हणून तोच राहतो. उद्या दुसरी आवृत्ती तुमच्या नावाने काढायची म्हटली की नवा क्रमांक घ्यावा लागतो, आणि ऑनलाइन दुकानांत एकाच पुस्तकाच्या दोन वेगळ्या नोंदी दिसू लागतात. मंजुरीला वेळ लागतो, त्यामुळे मजकूर जुळणीला (पानांच्या मांडणीला) गेला त्याच आठवड्यात अर्ज टाकावा. कापडी बांधणी आणि साधी बांधणी दोन्ही काढणार असाल तर दोन क्रमांक लागतात.

प्रकाशक तुम्ही असलात की एक कायदेशीर जबाबदारीही तुमची होते, आणि ती बहुतेकांना कुणी सांगत नाही. १९५४च्या कायद्याप्रमाणे प्रकाशनापासून ३० दिवसांच्या आत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि मुंबई, चेन्नई, दिल्ली इथल्या ठरलेल्या तीन ग्रंथालयांना प्रत्येकी एक प्रत स्वखर्चाने पाठवायची असते. पाचशेतल्या चार प्रती पहिल्याच दिवशी बाजूला काढून ठेवाव्यात.

आता जुळणी. पॅकेजची खरी परीक्षा इथे होते, आणि इथेच सगळ्यात जास्त गडबड होते. पुण्यात अजूनही बरीच अक्षरजुळणी श्रीलिपी किंवा आयएसएम या सॉफ्टवेअरच्या जुन्या, युनिकोड (सगळ्या संगणकांना कळणारी अक्षरांची समान पद्धत) नसलेल्या फाँटांत चालते. छापील पानावर ती सुरेख दिसते, पण आतमध्ये ती अक्षरं मराठी नसतात. इंग्रजी अक्षरांच्या जागांवर मराठी आकार बसवलेले असतात. त्याच फायलीवरून पुढे ई-पुस्तक करायचं झालं की रूपांतर करावं लागतं आणि चुका तिथे शिरतात. रफार शेजारच्या अक्षरावर उडी मारतो, ‘ॲ’ तुटतो, अवतरणचिन्हांच्या जागी भलतंच अक्षर येतं, ‘ऱ्य’चा ‘र्य’ होतो. ‘दऱ्याखोऱ्यांतून’ लिहिलेलं ‘दर्याखोर्यांतून’ छापून येतं, आणि शुद्धलेखन तपासणाऱ्या सॉफ्टवेअरला ते दिसेलच असं नाही, कारण ‘दर्या’ हाही खरा शब्द आहे. म्हणून पहिल्याच भेटीत विचारा: जुळणी युनिकोडमध्ये आहे का? उत्तर ‘नंतर कन्व्हर्ट करून देऊ’ असं आलं तर ते काम दुसरीकडे द्या.

युनिकोडमध्ये केलं म्हणजे काळजी मिटली असंही नाही. इनडिझाइन या पानं मांडायच्या सॉफ्टवेअरमध्ये परिच्छेदाला वर्ल्ड-रेडी कंपोझर ही भारतीय लिप्यांना लागणारी सोय लावली नसेल तर पहिली वेलांटी चुकीच्या जागी जाते आणि जोडाक्षरं हलन्त होऊन सुटी पडतात. दुसरी खोड ‘ल’ आणि ‘श’ची. बऱ्याच फाँटांत ही दोन अक्षरं मुळात हिंदी वळणाची असतात. मराठी वळण त्याच फाँटात दडलेलं असलं, तरी मजकुराची भाषा मराठी अशी नोंदवल्याशिवाय ते बाहेर येत नाही. मुंबई-पुण्याच्या वाचकाला कारण सांगता येणार नाही, पण पान परकं वाटतं एवढं त्याला नक्की कळतं. नमुन्याचं एक पान मागा आणि ‘शाळेला’ हा शब्द भिंगाखाली बघा.

मुद्रितशोधनाच्या दोन फेऱ्या हव्यात, आणि दुसरी वेगळ्या माणसाकडून. पॅकेजमध्ये ‘प्रूफ रीडिंग’ म्हणजे कित्येकदा जुळणी करणाऱ्यानेच केलेली नजरफेर असते. सदाशिव पेठ, नारायण पेठेत आयुष्य या कामात घालवलेले मुद्रितशोधक आहेत. पानामागे जो दर सांगतील तो द्यावा, घासाघीस करू नये. सगळ्या खर्चात सर्वांत जास्त मोल इथेच मिळतं.

कागद-छपाईचा हिशेब लेखकाला स्वतःला मांडता आला पाहिजे, मग फसगत होत नाही. १९२ पानांचं डेमी पुस्तक घ्या, म्हणजे कापून साधारण साडेपाच बाय साडेआठ इंच. १६ पानांचा एक फर्मा (एकत्र छापून घडी घातलेला भाग) धरला तर १२ फर्मे झाले. २३ बाय ३६ इंचाच्या एका कागदावर दोन्ही बाजू मिळून ३२ पानं बसतात, म्हणजे एका प्रतीला ६ कागद. ५०० प्रतींना ३००० कागद, म्हणजे ६ रीम, वर मशीन लावताना जाणारी नासाडी. कोटेशनमध्ये ९ रीम दिसले तर कारण विचारा.

७० जीएसएमचा (चौरस मीटरला ७० ग्रॅम वजनाचा) पांढरा मॅपलिथो कागद की ८० जीएसएमचा पिवळसर नॅचरल शेड, हा प्रश्न फक्त दिसण्याचा नाही. ७० जीएसएममध्ये हे पुस्तक मुखपृष्ठासह सव्वादोनशे ग्रॅमच्या आसपास भरतं, ८० जीएसएममध्ये अडीचशेच्या. पोस्टाने मे २०२५मध्ये सुरू केलेल्या ज्ञान पोस्टमध्ये ३०० ग्रॅमपर्यंत २० रुपये, अधिक कर, असा दर आहे. पुठ्ठा आणि पाकीट धरूनही १९२ पानी पुस्तक त्यात बसतं. तेच २२४ पानं झालं आणि कागद ८० जीएसएम घेतला तर पुस्तकच २९० ग्रॅमच्या घरात जातं आणि पाकिटासकट वरच्या टप्प्यात पडतं. ही सेवा शैक्षणिक, सामाजिक, सांस्कृतिक, धार्मिक स्वरूपाच्या छापील पुस्तकांसाठी आहे, पाकिटाचा माग काढता येतो, पण टपाल रस्त्याने-रेल्वेने जातं, तेव्हा घाईच्या ऑर्डरला ती नाही. पुस्तकावर मुद्रक किंवा प्रकाशकाचं नाव छापलेलं असणं ही अट आहे आणि आत जाहिराती चालत नाहीत. शेवटच्या रिकाम्या पानावर मित्राच्या दुकानाची जाहिरात घ्यायचा मोह म्हणून टाळावा.

छपाईत दोन गोष्टी नीट बघाव्यात. आतला मजकूर फक्त काळ्या शाईत हवा. फाइल चार रंगांत तयार झालेली असली तर चार प्लेटा (दर रंगाचा छपाईचा एक पत्रा) केसभर सरकल्या तरी अक्षराला सावली येते, आणि मराठीत ती मात्रा-अनुस्वारांवर आधी दिसते. दुसरं म्हणजे कागदाचा ग्रेन, म्हणजे त्यातल्या तंतूंची दिशा. तो स्पाइनला (पुस्तकाच्या कण्याला) समांतर असला तर पुस्तक सहज उघडतं. आडवा असला तर पानं ताठ उभी राहतात, पावसाळ्यात लाटा येतात आणि गोंदावर ताण पडून पानं सुटतात. १९२ पानांना परफेक्ट बाइंडिंग (पानं नुसत्या गोंदाने चिकटवणं) चालतं, तीनशे पानांच्या पुढे गेलात तर सेक्शन शिलाई (फर्मे दोऱ्याने शिवणं) मागा. स्पाइनची जाडीही कागदावर ठरते: ७० जीएसएममध्ये साधारण ९ मिलिमीटर, फुगीर नॅचरल शेडमध्ये ११ च्या पुढे. मुखपृष्ठ तयार झाल्यावर कागद बदलला की शीर्षक स्पाइनवरून घसरून दर्शनी बाजूला येतं.

ऑफसेट, म्हणजे प्लेटांवरची छपाई, परवडायला साधारण ३०० प्रती तरी हव्यात, कारण प्लेटा आणि मशीन लावण्याचा खर्च प्रतींवर वाटला जातो. त्याखाली डिजिटल किंवा मागणीनुसार छपाई बरी. बंगळुरूची पोथी किंवा चेन्नईची नोशन प्रेस यांच्यासारख्या सेवा एकेक प्रत छापतात. तिथे गोदाम लागत नाही, पण शंभरावी प्रतही पहिलीइतकीच महाग पडते. दुकानदाराचं कमिशन देऊन त्यातून फारसं काही उरत नाही.

पैशाचं गणित समजा असं आहे. छपाई प्रतीमागे ७५ रुपये. जुळणी, मुद्रितशोधन, मुखपृष्ठ असा एकदाचा खर्च ३०,००० म्हणजे पाचशे प्रतींवर ६० रुपये. एकूण १३५, छापील किंमत ३००. वितरकाला ४५ टक्के दिले तर हाती १६५ येतात आणि ३० उरतात. वाचकाला थेट २० टक्के सवलतीत दिलं, टपाल आणि वेष्टनाला ३५ धरले, तर २०५ येतात आणि ७० उरतात. आता दुसरी आवृत्ती बघा: एकदाचा खर्च नाही, म्हणून वितरकाकडून ९० आणि थेट विक्रीत १३०. स्वप्रकाशनातली कमाई दुसऱ्या आवृत्तीत आहे. पण इनडिझाइनची मूळ फाइल, फाँट आणि मुखपृष्ठाची थरांसह फाइल हातात नसेल तर ३०,००० पुन्हा मोजावे लागतात. नुसती पीडीएफ देऊन बोळवण करणारं पॅकेज याच ठिकाणी महागात पडतं. छपाईच्या बिलावर जीएसटी लागतो आणि पुस्तकावर तो शून्य असल्याने त्याची वजावट मिळत नाही, हेही किंमत ठरवताना लक्षात असू द्या.

‘महाराष्ट्रभर वितरण’ या शब्दांवर भाळू नये. अप्पा बळवंत चौकात किंवा बाजीराव रोडवर नवख्या लेखकाचं पुस्तक जाकडावर घेतात, म्हणजे विकलं तर पैसे. यात दुकानदाराची चूक काही नाही, जागा त्याची अडते. पण पाठपुरावा लेखकानेच करायचा असतो. पाच-पाच प्रती ठेवाव्यात, चलनावर सही घ्यावी, दर तीन महिन्यांनी हिशेब करावा, मळलेल्या प्रती बदलून द्याव्यात. मधल्या वितरकाकडे तीनशे प्रती एकदम सोपवल्या की त्या कुठे आहेत हेच कळत नाही. त्यापेक्षा प्रकाशनपूर्व सवलतीची जुनी पद्धत आजही उत्तम चालते. महिनाभर आधी नोंदणी घ्या आणि प्रत्येकाचं नाव, पत्ता, फोन एका वहीत किंवा शीटमध्ये लिहा. दुसऱ्या पुस्तकाचा पहिला निरोप या लोकांना जातो. पॅकेजवाल्याच्या संकेतस्थळावरून विक्री झाली तर ती नावं तुम्हाला कधीच दिसत नाहीत. डिसेंबरात फर्ग्युसनच्या मैदानावर भरणाऱ्या पुणे पुस्तक महोत्सवात एकट्याने गाळा घेणं एका पुस्तकाला झेपत नाही, चार-पाच लेखकांनी मिळून घ्यावा.

ई-पुस्तकासाठी ॲमेझॉनची केडीपी ही स्वप्रकाशनाची सेवा मराठी स्वीकारते आणि ते खातं स्वतः उघडणं अवघड नाही. पॅकेजवाल्याच्या खात्यावर पुस्तक चढवू देऊ नये. विक्रीचा अहवाल आणि पैसे दोन्ही त्याच्याकडे जातात. भारतातल्या विक्रीवर ७० टक्के रॉयल्टी हवी असेल तर केडीपी सिलेक्ट या फक्त ॲमेझॉनवर विकायच्या योजनेत जावं लागतं, आणि मग ९० दिवसांच्या त्या मुदतीत ई-पुस्तक बुकगंगासह कुठेही ठेवता येत नाही. शिवाय ७० टक्क्यांच्या पर्यायात फाइलच्या दर एमबीला ७ रुपये कापले जातात, म्हणून फोटो बारीक करून घ्या. १० एमबीच्या प्रवासवर्णनात ७० रुपये तिथेच जातात. पैसे महिना संपल्यावर सुमारे ६० दिवसांनी येतात. केडीपीची छापील प्रत भारतातल्या ॲमेझॉनवर विकता येत नाही, तेव्हा ‘ॲमेझॉनवर छापील पुस्तक’ असं कुणी सांगितलं तर ते कुठून छापून, कुठून पाठवणार हे विचारा.

प्रकाशन समारंभावर खर्च करू नका असं मी म्हणणार नाही, पण तो पॅकेजमधून वेगळा काढा. सभागृह आणि चहा तुम्ही स्वतः ठरवलात तर तेच काम बऱ्याच कमी पैशांत होतं.

पहिलंच पुस्तक असेल तर पैसे भरण्याआधी राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाच्या नवलेखक अनुदान योजनेचे नियम वाचा. ती पहिल्या पुस्तकासाठीच आहे, आधी पॅकेजमधून पुस्तक काढलं की तो मार्ग बंद होतो.

पॅकेज कुणी घ्यावं? घरच्यांसाठी आत्मचरित्र, आजीच्या ओव्या, संस्थेची स्मरणिका अशा एकदाच काढायच्या कामाला ते सोयीचं आहे. बाकी सर्वांनी जुळणी, मुद्रितशोधन, मुखपृष्ठ आणि छपाई चार जणांकडे वेगवेगळी द्यावी. दोन महिने जास्त लागतील. तरीही पॅकेजच घ्यायचं असेल तर शेवटचा हप्ता २५ टक्क्यांहून कमी ठेवू नका, आणि करारात लिहून घ्या की तो खुल्या फायली पेनड्राइव्हवर मिळून, त्या दुसऱ्या संगणकावर फाँटसकट उघडून बघितल्यावरच दिला जाईल.